विटांच्या घराचं लिंपण

येसाक्का गेल्याचं मला तिच्या म्हशीनं सांगितलं. दसरा होऊन चार दिवस झाले होते. सकाळी मी चुलीपुढं होते आणि अंगणात म्हैस ओरडली. आमच्या गोठ्यात तेव्हा म्हैस नव्हती. बाहेर येऊन बघते तर येसाक्काची चंद्री. कास दगडासारखी ताठलेली, गळ्यात तुटकं दावं, पोटापर्यंत ओली. ओढा उतरून एकटी आली होती. म्हैस दूध काढून घ्यायला कुणाच्या दारात जात नाही, तिचं माणूस तिच्याकडं जातं. मी भाकरी तव्यावरून काढली, मुलाला हाक मारली आणि चंद्रीला पुढं घालून निघाले. वाटेत मुलगा म्हणाला, "आजारी असंल म्हातारी." मी म्हटलं, "मेली असंल." त्याला ते बोलणं आवडलं नाही. मला जे वाटलं ते मी बोलले, आणि ते खरं निघालं.

ती मागच्या खोलीच्या उंबऱ्याशी आडवी पडली होती, दमून टेकल्यासारखी. दोन्ही हातांना मनगटापर्यंत माती वाळलेली. जवळ मळलेल्या शेणमातीचं एक जुनं घमेलं. मला वाटलं, चूल सारवत असेल. तेवढ्यावर मी तो विषय सोडला, कारण पुढं कामं होती. तिच्या मुलाला लोंढ्याला निरोप धाडायचा, लाकडं गोळा करायची, आणि आधी चंद्रीचं दूध काढायचं. मेलेल्या माणसाला थांबता येतं, म्हशीला येत नाही.

मी चौथीपर्यंत शिकले आहे, खानापूरकडच्या शाळेत. लिहायला बसले ते तिच्या घराबद्दल. येसाक्काबद्दल लिहायचं तर त्या घराबद्दल लिहिल्यावाचून चालत नाही. कॅसलरॉकहून दिग्गीच्या बाजूला अर्धा दिवस चाललं की आमची वाडी लागते. तिथल्या रानात हे एकच विटांचं घर. दुसरं नाव त्याला नाही. जंगलखात्याचा गार्डही "विटांच्या घरापाशी उजवीकडं वळा" असंच सांगतो.

आमची घरं कुडाची. कारवी विणायची, दोन्ही अंगांनी शेणमाती लिंपायची, वर गवत. पावसाआधी पुरुषांनी छप्पर शाकारायचं, पाऊस गेला की बायांनी भिंती लिंपायच्या. हे काम एका घरानं उरकत नाही. म्हणून आज आठ घरची माणसं तुमच्याकडं, उद्या तुम्ही त्यांच्यापैकी एकाकडं, असं करत सगळी वाडी उरकते. याला आम्ही पैरा म्हणतो. पैऱ्याला कुणी बोलावणं धाडत नाही, ते ठरलेलंच असतं. आणि कुणी पैरा चुकवला तर ते कुणी विसरतही नाही.

येसाक्काचे सासरे म्हणजे माझ्या नवऱ्याचे थोरले चुलते. आम्ही दोघी त्यांना मामंजी म्हणायचो. रेल्वेचं काम कॅसलरॉकला चालू होतं त्या काळात ते तरुण होते आणि वीटभट्टीवर मजुरीला गेले होते. ही हकीकत माझ्या सासूनं मला सांगितली. शाकारणीच्या दिवसांत ते भट्टीवरच राहिले आणि वाडीतल्या दोन घरांचा पैरा चुकला. वाडीनं तोंडानं काही म्हटलं नाही. त्यांच्या घराची पाळी आली तेव्हा मात्र एकाला ताप होता, दुसऱ्याचा बैल सापडत नव्हता, तिसऱ्याची बायको माहेरी गेली होती. मिरग लागला तेव्हा अर्धं छप्पर उघडं होतं. घरात बाळंतीण होती. सहा दिवसांचं पोर गारठून गेलं. पोराला पुरून आल्यावर मामंजी अंगणात उभे राहून म्हणाले होते, "आता माझ्या घराला कुणाचा हात लागणार न्हाई."

माणसं रागात बोलतात आणि विसरतात. ते विसरले नाहीत. ओढ्याकाठच्या आपल्या शेतातली चिकणमाती काढून त्यांनी विटा पाडल्या. नवरा, बायको आणि दोन बैल, पाचवं कुणी नाही. पहिल्या वर्षीची भट्टी कच्ची राहिली, पावसात विटांचा चिखल झाला. दुसऱ्या वर्षी आच जास्त झाली, निम्म्या विटा काळ्या पडून एकमेकींना चिकटल्या. त्या त्यांनी फोडून जोत्यात घातल्या. तिसऱ्या वर्षी भट्टी साधली. वाडी रोज बघत होती. त्यांनी कुणाला बोलावलं नाही, आणि न बोलावता कुणी गेलं नाही. भिंती उभ्या राहिल्या, वर रेल्वेनं आलेली कौलं चढली. सागवान सरकारचं, त्याला हात लावला की गार्ड दारात. म्हणून तुळया आणि वासे मिळेल त्या हलक्या लाकडाचे घातले. आत माजघर आणि मागची खोली यांच्यामध्ये एक आडभिंत घेतली, तिला डोक्याइतकी उंची आली आणि विटा संपल्या. चौथी भट्टी लावायचं बळ उरलं नव्हतं. ती भिंत तशीच राहिली, वर उघडी. या दोन्ही गोष्टी ध्यानात ठेवा, पुढं लागतील.

मी लग्न होऊन आले तेव्हा मला त्या घराचं नवल वाटलं नाही. आमच्या खानापूरकडं विटांची घरं होती. नवल वाटलं ते त्या घरातल्या सुनेचं. पावसाळा सरला, लिंपण सुरू झालं, आम्ही दहा-बारा बाया एका घरावरून दुसऱ्या घरावर जात होतो. हात शेणमातीत, तोंडं मोकळी. सासवांच्या नकला, नवऱ्यांच्या खोड्या, सगळं त्या दिवसांत निघायचं. आणि ही बाई आपल्या जोत्यावर बसून आमच्याकडं बघत असायची. पायाखाली स्वच्छ जमीन, मागं लाल भिंत, हात मांडीवर कोरडे. बाया मुद्दाम मोठ्यानं म्हणायच्या, "राणीसरकार बसल्यात बघा दरबारात." मीही हसले होते. मी नवीन होते, हसणाऱ्यांच्या बाजूला राहणं बरं वाटलं.

मग एकदा ओढ्यावर ती मला भेटली. घागर भरून झाली तरी जाईना. म्हणाली, "तू डावरी हायस काय गं?"

मी म्हटलं, "तुम्हाला कुणी सांगितलं?"

"तुझ्या दाराकडच्या भिंतीवर एक हात उलटा फिरलाय. बाकी सगळे उजवे."

लिंपताना हात अर्धवर्तुळात फिरतो आणि बोटांच्या रेघा भिंतीवर उमटतात. ज्याचा त्याचा हात वेगळा असतो. वाडीत आम्ही भिंत बघून सांगायचो, ही हिनं केली, ही तिनं. पण हे आम्हाला ठाऊक, कारण आम्ही त्या भिंतींना भिडून काम करायचो. ती नुसती वाटेवरून जाताना बघायची आणि तिला सगळे हात पाठ होते. मला तेव्हा ते विचित्र वाटलं. मी म्हटलं, "या की मग लिंपायला." ती म्हणाली, "मामंजी न्हाई म्हणत्यात. आपण कुणाचं घेत न्हाई, तवा कुणाला देत बी न्हाई."

मामंजी वाईट माणूस नव्हते. सुनेला त्यांनी कधी उपाशी ठेवलं नाही, हात उगारला नाही, मुलगा झाला तेव्हा तिच्या हातात चांदीचे गोठ घातले. फक्त कुणाकडं जाऊ दिलं नाही. त्यांना वाटायचं, आपण तिला उपकारातून सोडवलं. बाया तशाही भेटायला जाऊ शकल्या असत्या, असं शहरातलं कुणी म्हणेल. पण काम नसताना शेतकऱ्याची बाई दुसऱ्याच्या घरी जाऊन बसत नाही. तिला हातात काहीतरी लागतं. आणि त्या घरात आमच्या हाताला काही काम नव्हतं.

मामंजी गेले तेव्हा खांदा द्यायला वाडीच आली. तिथं वीट कामाला येत नाही.

त्याच वर्षी पाऊस उघडल्यावर येसाक्का आमच्या दारात आली. वाडीतल्या बायांमध्ये सगळ्यात मोठी गोदव्वा. ती आमच्या पडवीत शेंगा फोडत बसली होती. येसाक्का उभ्या उभ्याच म्हणाली, "यंदा आमच्याकडं बी लिंपाय यायचं."

गोदव्वाच्या हातातली शेंग तशीच राहिली. "काय लिंपतीस? इटा? म्हशीला काजळ घालायचं म्हन की."

"घालू की," येसाक्का म्हणाली. "आमची चंद्री जरा बरी दिसंल." तिच्या घरच्या सगळ्या म्हशी चंद्रीच, तेव्हाची ही कितवी कोण जाणे.

"अगं, इटंच्या भिताडाला माती कशापायी?"

"लोणा लागलाय. इटा झडत्यात. हेनी बी म्हणालं."

हेनी म्हणजे तिचा नवरा, आमचे भावजी. महिन्यातून चार वाक्यं बोलणारा माणूस. तो मागून आला होता. गोदव्वानं त्याला विचारलं, "काय रं, लोणा लागलाय व्हय भितीला?" त्यानं बायकोकडं बघितलं, मग जमिनीकडं. म्हणाला, "लागलाय." मी दुसऱ्या दिवशी त्यांच्या भिंतींवरून हात फिरवून बघितला. लोणा कुठंच नव्हता. तेवढं एक खोटं तो माणूस आयुष्यात बोलला असेल.

उघड्या विटेवर माती धरत नाही. पहिल्या दिवशी लावलेलं दुपारपर्यंत पापड्यांसारखं गळून पडलं. गोदव्वा म्हणाली, "तुझा सासरा वरनं ढकलतोय." मग आम्ही विटा भिजवल्या, मातीत भाताचा कोंडा वाढवला आणि पुन्हा लावलं. तीन दिवस लागले. कुडाच्या घराला एक पुरतो. येसाक्कानं तीन दिवस उकडलेले कंद, नाचणीच्या भाकऱ्या आणि मिरचीचा ठेचा घातला आम्हाला. ती माझ्या शेजारी उभी राहून लिंपायची. तिचा उजवा आणि माझा डावा, दोन्ही हात मधल्या रेघेवर येऊन भिडायचे. तिथं भिंतीवर काहीतरी पानासारखं उमटायचं. बाया म्हणायच्या, "ह्या दोघींचं लगीन लावा." ती हसायची तेव्हा आवाज करत नसे, खांदे हलायचे.

लाल घर शेणाच्या रंगाचं झालं. लांबून बघितलं तर आमच्यातलंच एक. त्यानंतर ती सगळ्यांच्या पैऱ्याला आली, एकही चुकवला नाही. ताप असताना आली. अशी बरीच वर्षं गेली. ती चांगली वर्षं होती, एवढंच म्हणते.

मग हिवतापाचं ते वाईट साल आलं. ज्या घरात चार माणसं होती तिथं दोन राहिली. भावजी गेले. गोदव्वा गेली. माझी मधली मुलगी गेली. उरलेल्या लोकांनी ठरवलं की जागा सोडायची, ओढ्याच्या पलीकडं उंचावर जायचं. आमची माणसं पूर्वीपासून अशी जागा सोडत आली आहेत. कुडाचं घर उचलायला वेळ लागत नाही. खांब काढायचे, खांद्यावर घालायचे, नवीन जागी रोवायचे. एका उन्हाळ्यात सगळी वाडी पलीकडं गेली. जुन्या जागेवर जोत्यांच्या खुणा राहिल्या आणि एक विटांचं घर.

आम्ही म्हटलं, "येसाक्का, चल. पलीकडं कुडाचं घालून देऊ तुला." मुलगा गणू तेव्हा लोंढ्याला रेल्वेत लागला होता. तो घर सोडायला तयार नव्हता. आज्यानं तीन भट्ट्या लावून बांधलेलं घर, ते रानाला द्यायचं? त्याचंही चूक नव्हतं. ती म्हणाली, "ह्या घराला पाय न्हाईत, रखमे. मला हायत, पण मी हेला सोडून कुठं जाऊ?" आणि राहिली. ओढा, मग भाताची खाचरं, मग रानाचा एक पट्टा, आणि त्याच्या आत ती एकटी. पावसाळ्यात ओढा चढला की आठ-आठ दिवस धुराशिवाय तिची काही खबर नसायची. सकाळी मी धूर बघायची. दिसला की आपल्या कामाला लागायची.

लिंपणाचे दिवस आले की मात्र आम्ही जायचो. पैरा होता. आता दहा-बारांच्या सहा-सात झालो होतो, पण ओढा उतरून घमेली घेऊन जायचो. वर्षात ते तीन दिवस तिच्या अंगणात माणसं असायची. ती आदल्या महिन्यापासून माती चाळून, भिजवून ठेवायची. तीन दिवसांचं काम ती चार दिवसांचं कसं होईल ते बघायची. कोंडा संपायचा, पाणी आणायला वेळ लागायचा. आम्हाला कळायचं. कुणी बोलत नव्हतं.

एका वर्षी मी पश्चिमेची भिंत लिंपत होते. जुनं लिंपण बोटानं दाबलं तर आत पोकळ लागलं. नखानं खरवडलं आणि पांढरे किडे सैरावैरा पळाले. वाळवी. उघड्या विटेवरून वाळवी चढली तर तिची मातीची वाट दिसते, केरसुणीनं झाडली की मोडते. लिंपणाखाली दिसत नाही. आम्ही इतकी वर्षं त्या भिंतीला माती लावली म्हणजे वाळवीला जमिनीपासून छपरापर्यंत झाकलेला जिना बांधून दिला. मी वर चढून तुळईत विळा टोचला. अर्धी मूठ आत गेला. कुडाच्या घरात याचं काही वाटत नाही, वर गवत असतं, पडलं तर पडलं. हिच्या डोक्यावर कौलं होती.

बाया जेवायला बसल्यावर मी तिला बाजूला घेतलं. म्हटलं, "येसाक्का, तुळई गेली. लिंपणामुळं गेली. हे थांबवलं पायजे."

ती म्हणाली, "ठाव हाय."

"कधीपास्नं?"

"दोन वर्सं झाली."

मला राग आला. "आनि आम्हाला लिंपाय बोलवतीस? घर डोक्यावर पडंल तुझ्या."

"पडंल तवा पडंल. तवर बाया तर येतील." मग हात पुसत म्हणाली, "हळू बोल. त्यास्नी कळलं तर पुढच्या वर्साला कोण येणार न्हाई. म्हणतील, कशाला पाप घ्या."

मी त्या वर्षी गप्प राहिले आणि उरलेली भिंत लिंपली. ते मी केलं. चांगलं केलं की वाईट, ते मला आजही सांगता येत नाही. त्यानंतर चार महिने मी विचार केला. पावसात ती तुळई तुटणार हे उघड होतं. शिमग्याला गणू गावी आला तेव्हा मी ओढ्यावरच त्याला गाठलं, घरी पोचायच्या आधी. सगळं सांगितलं. आई काय म्हणाली तेही सांगितलं. ते सांगायला नको होतं, पण मला अर्धं सांगता येत नाही.

त्यानं आठ दिवसांची रजा काढली. माणसं लावून सगळं लिंपण खरवडलं, आत-बाहेर. तुळया बदलल्या, खालून वरपर्यंत काळं तेल फासलं. घर पुन्हा लाल झालं. माती खाली पडत होती तेव्हा मी तिथं होते. ती चंद्रीजवळ उभी होती. गणूनं तिच्यादेखत आम्हाला सांगितलं, "काकी, आता ह्या घराला माती लावायची न्हाई. आईनं बोलावलं तरी यायचं न्हाई." बरोबर होतं त्याचं. तो निघून गेल्यावर ती माझ्याजवळ आली आणि म्हणाली, "वाचवलंस न्हवं घर? आता त्यात ऱ्हायाला तूच ये."

मी गेले नाही. माझं घर होतं, नातवंडं होती, शेत होतं. दोन वर्षं ती माझ्याशी बोलली नाही. मग बोलायला लागली, कारण न बोलायला तरी दुसरं कोण होतं? पण लिंपणाच्या दिवसांत ती ओढ्याच्या अलीकडं यायची नाही. आम्ही म्हणायचो, ये की आमच्याकडं. ती म्हणायची, "तुमचं घेऊ आनि फेडू कशानं?" सासऱ्याचंच वाक्य, शेवटी तिच्याच तोंडात आलं... आम्ही आमची घरं लिंपायचो आणि पलीकडून धूर दिसायचा.

शेवटची भेट झाली ती दसऱ्याआधी, ओढ्यावर. दोघी म्हाताऱ्या, दोघींच्या हातात काठ्या. ती मधेच म्हणाली, "रखमे, डावा हात कसा हाय?"

"हाय की. जातोय कुठं?"

"तसं न्हवं. वर जातोय काय? असा?" आणि तिनं आपला डावा हात हवेत फिरवून दाखवला, खालून वर, वाकडातिकडा.

मी म्हटलं, "आता काय लिंपायचं ऱ्हायलंय तुझं?"

"काय न्हाई. तुझा हात खालनं सुरू व्हायचा काय वरनं, ते आठवंना झालंय. म्हणून इचारलं."

"खालनं," मी म्हटलं. मनात म्हटलं, हिला आता चळ लागला. घागर उचलली आणि निघाले. एवढंच आमचं शेवटचं बोलणं.

बारावा झाल्यावर गणूनं मागच्या खोलीतली भाताची कणगी हलवायची ठरवली. बांबूची मोठी कणगी, पुरुषभर उंच, आडभिंतीपासून हातभर पुढं ठेवलेली. दिवसाढवळ्याही त्या खोलीत अंधार. चौघांनी ती बाजूला सरकवली आणि मी चिमणी वर धरली. आडभिंत लिंपलेली होती. एकदा लिंपलेली नव्हे, थरावर थर होते, कित्येक वर्षांचे. वरचा थर अजून पुरता वाळलाही नव्हता. उजव्या अर्ध्या भागात हात उजवे होते. डाव्या अर्ध्या भागात हात उलटे होते. मधल्या रेघेवर पानं उमटली होती, वरपासून खालपर्यंत.

तो उलटा हात माझा नव्हता. मी त्या खोलीत कित्येक वर्षांत पाऊल टाकलं नव्हतं. पण वाडीतल्या कुणालाही विचारलं असतं तर त्यानं माझाच म्हणून सांगितलं असतं. तिनं डाव्या हातानं माझी बाजू केली होती, दर वर्षी, कणगीच्या मागं अंग चोरून. आपली बाजू पुरी करून माझी करायला घेतली होती, आणि वरचा डावा कोपरा राहून गेला होता. त्या घमेल्यातली माती त्याची होती.

गणूनं वरच्या थराला बोट लावून बघितलं. मग म्हणाला, "काकी, हे खरवडाय पायजे. वाळवी लागंल."

मी चिमणी खाली नेली. जमिनीपासून वीतभर वीट उघडी होती, स्वच्छ पुसलेली. दोन्ही कडांनाही वीतभर उघडी. वाळवी चढायला लागली तर पहिल्या दिवशी दिसावी म्हणून. आणि ती भिंत तर छपराला पोचतच नाही, मामंजींच्या विटा तिथंच संपल्या होत्या. सगळ्या घरातली एकच भिंत, जिला माती लावली तरी कुणाच्या डोक्यावर काही पडणार नव्हतं. म्हणजे मी बोलले ते तिनं ऐकलं होतं. घर संभाळलं होतं. फक्त मला सांगितलं नाही, आणि मी विचारलं नाही. इकडची माणसं अशीच आहेत. मला एक हाक मारली असती तर मी गेले असते की नाही, ते आता बोलण्यात अर्थ नाही. हाक न मारता धूर बघत बसणारी मी होते.

गणूला मी म्हटलं, "घर तुझं हाय. ही भित ऱ्हाऊ दे." त्यानं होकाराची मान हलवली. दुसऱ्या दिवशी तो लोंढ्याला गेला. चंद्री आता आमच्या गोठ्यात आहे.

दिवाळी झाल्यावर मी एकटीच ओढा उतरून गेले. घमेल्यातली माती दगड झाली होती, ती फोडून भिजवली, चंद्रीचं शेण घातलं, कोंडा घातला. तो कोपरा उंच होता. पाटावर चढून डावा हात वर नेला, दुखला, पण गेला. खालून वर. दुपारपर्यंत कोपरा पुरा झाला. खाली वीतभर वीट मी परत पुसून ठेवली.

पैरा फेडायचा असतो. पुढच्या वर्षी माझी बाजू मी करीन, पण तिची बाजू करायला उजवा हात लागेल, आणि तो मला जन्मात वळलेला नाही. म्हणून मी सध्या रोज सकाळी आमची चूल उजव्या हातानं सारवते. गिचमिड होते. सून बघते आणि हसते. तिला मी काही सांगितलेलं नाही. आज एक रेघ जरा बरी आली.